संकासुराचे वारसदार

‘वस्त्रहरण’ १६ फेब्रुवारी १९८० रोजी रंगमंचावर आलं तेव्हा सिंधुदुर्ग नावाचा जिल्हाही नव्हता. तो रत्नागिरीतून वेगळा निघाला १ मे १९८१ ला. तोवर मराठी नाटका-सिनेमात मालवणी बोलणारा माणूस बहुधा घरगडी म्हणून यायचा, दोन हशे घ्यायचा आणि विंगेत परतायचा. मालवण तालुक्यातल्या रेवंडीचे मच्छिंद्र कांबळी (१९४७–२००७) यांनी तात्या सरपंच उभा केला आणि हे चित्र पालटलं. कांबळींनी बोलीला प्रतिष्ठा दिली, असं त्यांच्याबद्दल नेहमी म्हटलं जातं. ते खरंच आहे, पण अपुरं आहे. त्यांनी दुय्यम पात्राची अख्खी कलाच मध्यभागी आणली, आणि ती कला दक्षिण कोकणात आधीपासून नांदत होती.

ती नांदत होती दशावतार या लोकनाट्यात. जत्रेच्या रात्री मुख्य आख्यानाआधी आडदशावतार होतो. त्यात ब्रह्मदेवाचे वेद पळवणारा संकासुर येतो, काळ्या वेषात, लाल जीभ बाहेर काढून. देव आणि राजे ग्रांथिक मराठीत बोलतात, संकासुर मात्र मालवणीत. कथेत त्याचा वध ठरलेलाच असतो, तरी गावातल्या ताज्या घडामोडींवर बोलायची मुभा त्यालाच असते. पार्सेकर असोत, मोचेमाडकर किंवा वालावलकर, या मंडळांच्या नटांपुढे लिखित संहिता नसते. समोरच्याचं वाक्य झेलून आपलं तिथल्या तिथे रचायचं असतं. बाजूच्या पात्राला एवढी मोकळीक आणि एवढी जबाबदारी देणारी रंगपरंपरा विरळा. राजापूर तालुक्यातल्या नाटककार गंगाराम गवाणकरांनी तिचा अचूक उपयोग केला. ‘वस्त्रहरण’मध्ये गावकरी द्रौपदी-वस्त्रहरणाचं नाटक बसवतात. त्या आतल्या नाटकातल्या महाभारताशी तात्याचा संबंध कारभाऱ्याचा, म्हणजे काठावरचा. पण प्रेक्षकांची नजर धर्मराजावर न राहता त्या कारभाऱ्यावरच खिळते.

यावर एक आक्षेप जुना आहे आणि तो टाळण्यासारखा नाही: या यशाने मालवणी माणूस कायमचा हास्यास्पद ठरला, त्याची बोली म्हणजे शिव्या आणि इरसालपणा असा शिक्का बसला. नकला करणाऱ्यांनी तो शिक्का बसवला, हे मान्य करावंच लागेल. मात्र तात्याच्या विनोदात हसू येतं ते पौराणिक थाट आणि गावचा व्यवहार यांच्या टकरीला. तात्या अडाणी म्हणून कोणी हसत नाही. केवळ खिल्लीवर नाटक पाच हजारांहून अधिक प्रयोग चालत नाही, आणि ज्यांची खिल्ली उडवली त्याच मुलखातले लोक ते पुन्हा पुन्हा बघत नाहीत. बोलीमुळे नाटक चार तालुक्यांपुरतं राहील ही भीतीही फोल ठरली; ‘वस्त्रहरण’ लंडनपर्यंत गेलं.

दूरचित्रवाणीवर मात्र गाडी पुन्हा मागे गेल्यासारखी वाटते. आकेरीत चित्रित झालेली ‘रात्रीस खेळ चाले’ २०१६ मध्ये झी मराठीवर सुरू झाली, तेव्हा भाषेची वाटणी सरळ होती. मुंबईत शिकून स्थिरावलेला माधव प्रमाण मराठी बोलायचा. गावात राहिलेले दत्ता, सरिता, पांडू मालवणी. नायकाचं माप आणि गड्याचं माप पुन्हा वेगळं झालं होतं. पण पडद्यावर घडलं उलटंच. लोकांच्या तोंडी बसला तो पांडू आणि त्याचं ‘इसारलंय’. पांडू साकारणारे प्रल्हाद कुडतरकर मालिकेच्या लेखनातही होते, आणि मला यातली सर्वांत महत्त्वाची गोष्ट हीच वाटते. दशावतारी नट स्वतःचं वाक्य स्वतः घडवतो. पांडूतही बोलणारा आणि रचणारा यांच्यात फट राहिली नाही. दुसऱ्याने प्रमाण मराठीत लिहून मग ‘मालवणी करून’ घेतलेले संवाद कानाला लगेच कळतात. पुढे २०१९ च्या दुसऱ्या पर्वात तर पहिल्या पर्वाच्या आरंभीच मेलेले अण्णा नाईक मुख्य पात्र झाले, माधव अभ्यंकरांच्या रूपात, आणि मालवणीतच.

२०२५ च्या सप्टेंबरमध्ये सुबोध खानोलकरांचा ‘दशावतार’ आला. दिलीप प्रभावळकरांनी ऐंशी ओलांडल्यावर रंगवलेला बाबुली मेस्त्री हा दशावतारी कलावंत चित्रपटाचा नायकच आहे. जत्रेत रात्र जागवणाऱ्या नटाऐवजी मुंबई-पुण्यातल्या नामवंताला ही भूमिका का, असं विचारणं रास्त आहे. प्रभावळकरांच्या ताकदीबद्दल शंका नाही, आणि त्यांच्या नावाशिवाय इतका प्रेक्षक जमला असता असंही वाटत नाही. पण कांबळींना १९८० मध्ये कोणा नामवंताचा आधार नव्हता. गवाणकरांची संहिता होती आणि बोलीवर जन्मजात पकड होती. पार्सेकर-मोचेमाडकरांच्या मंडळांत आज संकासुर करणाऱ्यांकडे ती पकड आहे. त्यांना पडद्यावर गर्दीतला चेहरा म्हणून न बोलावता बोलतं पात्र द्यायला हवं, आणि ते लिहिताना त्यांना शेजारी बसवायला हवं.