कथाविश्व आणि वर्गणी : अमेरिकन स्टुडिओंच्या स्पर्धेचे स्वरूप

अमेरिकन चित्रपटव्यवसायातील स्पर्धेचा इतिहास हा पुष्कळ अंशी प्रेक्षकापर्यंत पोहोचण्याच्या मार्गावरील स्वामित्वाचा इतिहास होय. निर्मिती, वितरण आणि प्रदर्शन ही तिन्ही कार्ये एके काळी पाच मोठ्या स्टुडिओंच्या हाती एकवटली होती. पॅरामाउंट खटल्यातील सर्वोच्च न्यायालयाच्या १९४८ च्या निर्णयानंतर त्यांना चित्रगृहांवरील मालकी सोडावी लागली. हक्काचे पडदे गेले, तेव्हा प्रत्येक चित्रपटास स्वतःच्या बळावर प्रेक्षक मिळविणे प्राप्त झाले.

ही अनिश्चितता कमी करण्याचा एक उपाय म्हणजे परिचित पात्रांवर आधारलेली चित्रमाला, म्हणजेच फ्रँचाइझ. डिस्नेने २००६ साली पिक्सार, २००९ साली मार्व्हल व २०१२ साली लुकासफिल्म विकत घेतली. ह्या व्यवहारांत यंत्रसामग्रीपेक्षा पात्रांवरील हक्कांचे मोल अधिक होते. २००८ च्या ‘आयर्न मॅन’पासून सुरू झालेल्या मार्व्हलमालेतील बाविसाव्या चित्रपटाने, ‘अ‍ॅव्हेंजर्स : एंडगेम’ने, २०१९ साली जगभर सुमारे २८० कोटी डॉलर मिळविले. अकरा वर्षे जोपासलेली उत्कंठा हेच त्याचे भांडवल होते.

दरम्यान नेटफ्लिक्सने २००७ साली स्ट्रीमिंग सुरू करून घरातच नवा पडदा उभा केला होता. त्याला उत्तर म्हणून डिस्नेने नोव्हेंबर २०१९ मध्ये डिस्ने प्लस ही सेवा काढली. वॉर्नर ब्रदर्सने तर २०२१ चे आपले चित्रपट अमेरिकेत चित्रगृहांत आणि एचबीओ मॅक्सवर एकाच दिवशी प्रदर्शित केले.

येथेच ह्या धोरणातील अंतर्विरोध प्रकट होतो. तिकिटाचे अर्थकारण प्रसंगाच्या दुर्मिळतेवर चालते; वर्गणीचे अर्थकारण अखंड पुरवठ्यावर. वर्गणीदार टिकवावयाचा तर प्रतिमासी काही नवे द्यावे लागते. परंतु जे प्रतिमासी मिळते, त्याची वाट कोणी पाहत नाही. २०२१ ह्या एका वर्षात मार्व्हलचे चार चित्रपट आणि पाच मालिका आल्या. २०२३ चा ‘द मार्व्हल्स’ हा मात्र त्या मालेतील सर्वांत कमी उत्पन्नाचा चित्रपट ठरला. त्याची कारणे अनेक असू शकतील. तथापि २०२४ साली डिस्नेचे प्रमुख बॉब आयगर ह्यांनी मार्व्हलची निर्मिती वर्षाला अधिकात अधिक तीन चित्रपट व सुमारे दोन मालिका इतकी मर्यादित करण्याचे जाहीर केले, ही गोष्ट सूचक आहे.

ह्या बदलाची झळ श्रमिकांसही लागली. स्ट्रीमिंगवरील पुनःप्रदर्शनाचा मोबदला हा २०२३ मधील लेखक व नट ह्यांच्या संपांतील एक प्रमुख प्रश्न होता.

२०२० साली न्यायालयाने पॅरामाउंट प्रकरणातील निर्बंध संपुष्टात आणले. परंतु त्यापूर्वीच स्टुडिओंनी वर्गणीच्या मार्गाने प्रदर्शनावरील स्वामित्व पुन्हा हस्तगत करण्यास आरंभ केला होता. जे १९४८ साली चित्रगृहाच्या दारावरून गेले, ते प्रेक्षकाच्या घरातून परत आले. मात्र ह्या नव्या पडद्याची भूक भागविताना कथेविषयीची उत्कंठा कशी राखावी, हा प्रश्न अद्याप सुटलेला नाही.