अर्धी गोळी, पूर्ण घोटाळा

दुचाकीखाली पाय सापडून कुत्रं लंगडत घरी आलं, की आपला हात आधी औषधांच्या डब्याकडे जातो. ‘लहान पोराला चालते, मग याला अर्धी द्यायला काय हरकत?’ जळगाव-धुळ्यात घरोघरी हेच ऐकू येतं. हा हिशेब नुसत्या वजनाचा. औषध पचवतं ते यकृत, आणि मांजराच्या यकृतात पॅरासिटामॉल निष्प्रभ करण्याची ताकद फार तोकडी. रक्त प्राणवायू वाहून नेईनासं होतं, हिरड्या तपकिरी-निळसर पडतात, तोंड सुजतं. अर्ध्या गोळीनेही मांजर दगावू शकतं. आयबुप्रोफेन आणि डायक्लोफिनॅक कुत्र्याच्या जठरात व्रण करतात, मूत्रपिंडं निकामी करू शकतात.

‘डायक्लोफिनॅक तर बैलालाही टोचतात!’ टोचत होते. ते औषध दिलेली मेलेली गुरं खाऊन गिधाडं संपत चालली, म्हणून २००६ साली जनावरांसाठी त्यावर बंदी आली.

डॉक्टरांनी दिलेली गोळी खाऊ घालणं हा वेगळाच खटाटोप. भरताच्या घासात लपवली की गट्टम होते खरी, पण आपल्या खान्देशी भरतात कांद्याची पात आणि लसूण असतो. दोन्ही कुत्र्या-मांजरांच्या तांबड्या रक्तपेशी फोडतात. त्यापेक्षा केळ्याचा तुकडा बरा, आणि केळ्यांची आपल्याकडे काय कमी? मांजराला डॉक्सिसायक्लिन दिलंत तर मागून थोडं पाणी पाजाच, नाहीतर गोळी अन्ननलिकेत अडकून तिथे जखम करते.

पातळ औषध तोंड वर करून ओतू नये, ते फुप्फुसात जातं. सुई काढलेल्या सिरिंजने, गालाच्या कोपऱ्यातून, थोडं थोडं द्यावं. ठसका लागला की थांबावं.

जखमेत अळ्या पडल्या की रॉकेल किंवा डांबरगोळीची पूड भरायची, हा जुना उपाय. जनावर जखम चाटतं आणि ते विष पोटात जातं. उकळून निववलेल्या मिठाच्या पाण्याने जखम धुवा, अळ्या डॉक्टरांना काढू द्या. जवळचा सरकारी दवाखाना माहीत नसेल तर पशुसंवर्धन विभागाचा १९६२ हा क्रमांक लावून विचारा.

‘घरचंच आहे, चावणार नाही’ यावरही विसंबू नका. दुखऱ्या पायाला हात लागला की लाडकं कुत्रंही दात लावतं. चावल्यावर तिखट भरू नका. साबण लावून वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटं जखम धुवा आणि त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात जाऊन रेबीजच्या लशीचं विचारा.