अपवाद ठरविण्याची सोय

मुंबई विद्यापीठाच्या बी. एस्सी. परीक्षेत उत्तम यश मिळविलेल्या कमला भागवत यांनी १९३३ साली बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत प्रवेश मागितला. संचालक सर सी. व्ही. रामन यांनी तो नाकारला. कारण एवढेच की, अर्जदार स्त्री होती. त्यांनी चिकाटी सोडली नाही, तेव्हा प्रवेश मिळाला. परंतु पहिले वर्ष कसोटीचे, आणि संचालकांचे समाधान झाल्याखेरीज कामास मान्यता नाही, या अटींवर. बरोबरीच्या पुरुषांना अशा अटी नव्हत्या. याच विदुषीने १९३९ मध्ये केंब्रिजची पीएच. डी. मिळविली. डॉ. कमला सोहोनी त्या ह्याच.

अशा उदाहरणांनी खरे तर समजूत कोसळावयास हवी. पण रूढ समजुतीपाशी बचावाचे दोन मार्ग असतात. पहिला, यशस्वी स्त्रीला अपवाद ठरविण्याचा. मुलगा गणितात नापास झाला तर त्याने अभ्यास केला नाही. मुलगी झाली तर मुलींना गणित जमतच नाही. मुलगा पहिला आला तर बुद्धिमान, मुलगी आली तर कष्टाळू. पुरावा कोणताही असो, निकाल आधीच लिहिलेला असतो.

दुसरा मार्ग अधिक धूर्त आहे. जेथे स्त्रीचे कौशल्य नाकारता येत नाही, तेथे ते कामच हलके ठरते. कोकणात भाताची लावणी करणारी बाई दिवसभर चिखलात वाकलेली असते. वेग, नेमकेपणा आणि सहनशक्ती या तिन्हींचा तेथे कस लागतो. तरीही नांगर धरणाऱ्या गड्याची मजुरी अधिक. १९७६ च्या समान वेतन कायद्याने समान स्वरूपाच्या कामाला समान वेतनाचे बंधन घातले. परंतु लावणी आणि नांगरणी ही कामेच वेगळी म्हटली की कायद्याचा हात तेथवर पोचत नाही. मजुरी उत्पादकतेवर ठरते, असे अर्थशास्त्राची क्रमिक पुस्तके सांगतात. शेतावर मात्र हात कोणाचा, हेही पाहिले जाते.

यातील खरी हानी पुढेच आहे. 'तुला हे झेपणार नाही' असे वारंवार ऐकणारी मुलगी तो विषयच सोडते, आणि त्या विषयात मुली थोड्या आहेत, हाच मग समजुतीचा पुरावा होतो. हे चक्र न्यायालयात नव्हे, वर्गात सुरू होते. तेव्हा प्रगतिपुस्तकावर 'कष्टाळू' असा शेरा लिहिण्यापूर्वी शिक्षकाने क्षणभर थांबावे. तितकेच गुण मिळविलेल्या मुलासाठी त्याने कोणता शब्द वापरला असता?