बदली आणि आजारपण : दाद कोठे मागावी?

शासकीय सेवेत बदली अपरिहार्यच असते. परंतु ज्या कर्मचाऱ्यास आठवड्यातून दोनदा डायलिसिससाठी जिल्ह्याच्या ठिकाणी जावे लागते, त्याच्या हाती दुर्गम तालुक्याचा आदेश पडला तर त्याने काय करावे?

केवळ आजारपणामुळे बदली रद्द करून घेण्याचा हक्क प्राप्त होत नाही. भारतीय वनस्पती सर्वेक्षण संस्थेतील एका उद्यानपालाची १९९१ साली शिलाँगहून पौडी येथे बदली झाली. त्याने प्रकृतीचे व कुटुंबाचे कारण पुढे केले. न्यायाधिकरणाने बदली रद्द केली. परंतु १९९३ साली सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरविला. आकस किंवा वैधानिक तरतुदीचा भंग असल्याखेरीज न्यायालय हस्तक्षेप करणार नाही. मात्र निवेदन आल्यास सक्षम अधिकाऱ्याने त्याचा विचार केला पाहिजे, असे न्यायालयाने म्हटले.

म्हणून पहिली पायरी निवेदनाची. आजाराचे स्वरूप, उपचारांची वारंवारता आणि नव्या ठिकाणी नसलेल्या सोयी वैद्यकीय प्रमाणपत्रांसह मांडाव्यात व पोच घ्यावी. निवेदन प्रलंबित आहे एवढ्याच कारणावरून रुजू होण्याचे टाळता येत नाही. आवश्यक तर रीतसर रजा मागावी.

राज्याच्या २००५ च्या बदली अधिनियमानुसार मुदतपूर्व बदलीस लेखी कारणे व वरिष्ठांची पूर्वमान्यता लागते. ती नसल्यास राज्य कर्मचाऱ्यास महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जाता येते. जिल्हा परिषदेचे कर्मचारी व शिक्षक मात्र त्याच्या कक्षेत येत नाहीत; त्यांना उच्च न्यायालयाचा मार्ग मोकळा असतो.

निवेदन दप्तरी दाखल करण्यापूर्वी ते पूर्ण वाचणे, हे अधिकाऱ्यांचेही कर्तव्य आहे.