गोदावरीच्या दरडीतला हत्ती

नाशिकच्या काळ्या पाषाणात देवमाशाचं हाड शोधायला जाऊ नये. हा खडक सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा. देवमाशांचे पूर्वज पाण्यात उतरले ते त्यानंतर. देवमाशांची हाडं समुद्रात साचलेल्या खडकांत मिळतात. नाशिकचा प्राचीन महाकाय प्राणी भेटतो तो नदीच्या गाळात.

निफाड तालुक्यातलं नांदूर मधमेश्वर, म्हणजे गोदावरी आणि कादवेचा संगम. पाणपक्ष्यांमुळे 2020 मध्ये ते महाराष्ट्रातलं पहिलं रामसर स्थळ, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा, म्हणून जाहीर झालं. त्याच परिसरातल्या गाळात सापडलेल्या हत्तीवर भूवैज्ञानिक गाय पिल्ग्रिम यांनी 1905 मध्ये लिहिलं होतं. पॅलिओलॉक्सोडॉन नामाडिकस ही ती नामशेष जात, आजच्या आशियाई हत्तीपेक्षा कितीतरी थोराड.

अशा गाळातलं हाड उपसून काढता येत नाही. दिसायला दगड, पण भेगाळलेलं असतं. एक टोक धरून ओढलं की हातात तुकडे येतात. म्हणून आधी ब्रश आणि बारीक टोच्याने भोवतालची माती काढायची. भेगांत पातळ चिकटद्रव्य थेंबाथेंबाने सोडायचं आणि ते मुरेपर्यंत थांबायचं. मग भोवतीने खणत हाड मातीच्या ओट्यावर उभं ठेवायचं, त्यावर ओला कागद आणि वरून प्लास्टर ऑफ पॅरिसमध्ये बुडवलेल्या गोणपाटाच्या पट्ट्या. कागद विसरला, तर प्लास्टर हाडालाच धरतं.

सगळ्यात टिकाऊ म्हणजे दाढ. दंतवल्क हा शरीरातला सर्वात कठीण भाग. दाढ वरून पाहिली, तर झिजलेल्या पृष्ठभागावर त्याच्या आडव्या कडा एकामागून एक दिसतात, टाकी लावलेल्या पाट्यासारख्या खरखरीत. या कडांच्या मांडणीवरून हत्तीची जात ओळखायला मदत होते.

पण नुसतं हाड हाती आलं, तर अर्धीच गोष्ट कळते. नाशिकजवळ गंगावाडीला नदीच्या खडीच्या थरात पुरातत्त्वज्ञ हसमुख सांकलिया यांना आदिमानवाची दगडी हत्यारं मिळाली. हत्ती आणि हत्यारं एकाच काळातली का, हे थरच सांगू शकतो. वाळूउपशात हाच पुरावा आधी नाहीसा होतो, आणि तो पुन्हा मिळवता येत नाही. म्हणूनच प्लास्टर वाळलं की त्यावर थर, खोली आणि उत्तरेचा बाण लिहितात. मगच ओट्याचा तळ कापून गठ्ठा उलटा करतात. प्रयोगशाळेत सफाई सुरू होते ती हाडाच्या खालच्या बाजूने.