बल्लोकेचा सतनाम

नशिराबादला सायंकाळी ओट्यावर चार माणसे बसली, की बोलणे कपाशीच्या भावावरून केळीच्या घडावर येते आणि तेथून घरच्या पोरांवर. "पोऱ्या ताडासारखा वाढला, पण सारे लक्ष चेंडूत. उद्या शेत कोण पाहणार?" ही तक्रार घरोघरची आहे. अशीच तक्रार पंजाबातल्या एका शेतकऱ्याच्या घरी दोन पिढ्यांपूर्वी झाली होती. तिथे पुढे काय घडले ते वाचण्यासारखे आहे.

बर्नाला जिल्ह्यात बल्लोके नावाचे लहानसे खेडे आहे. तेथील बलबीरसिंग हे शेतकरी. गव्हाची शेती आणि जोडीला पिठाची गिरणी. उंची सात फुटांच्या वर! तरुणपणी लोकांनी त्यांना सांगितले, "तुम्ही बास्केटबॉल खेळा." पण घरच्यांनी परवानगी दिली नाही. शेत कोण करणार, हा प्रश्न होता. बलबीरसिंग शेतातच राहिले. मनातली इच्छा मात्र मनातच राहिली.

१० डिसेंबर १९९५ रोजी त्यांना मुलगा झाला. नाव सतनाम. तोही बापासारखाच झपाट्याने वाढू लागला. आता निर्णय बलबीरसिंगांच्या हाती होता. आपल्याला जे मिळाले नाही ते मुलाला द्यायचे, असे त्यांनी ठरवले. दहाव्या वर्षाच्या सुमारास सतनामला त्यांनी लुधियानाच्या बास्केटबॉल अकादमीत पाठवले. तिथे डॉ. सुब्रमण्यन यांच्यासारखे प्रशिक्षक भेटले. एवढ्या लहान वयात लेकराला घरापासून दूर ठेवणे आईबापाला सोपे गेले नसेल, हे आपण जाणतोच.

हा खेळ आपल्याकडे फार खेड्यांत पोचलेला नाही, म्हणून थोडे सांगावे लागेल. १८९१ साली अमेरिकेत जेम्स नाइस्मिथ नावाच्या शिक्षकाने हिवाळ्यात मुलांना घरात खेळता यावे म्हणून तो शोधून काढला. पीच नावाच्या फळांच्या दोन टोपल्या त्यांनी सज्जाच्या कठड्याला ठोकल्या आणि त्यांत चेंडू टाकायचा नियम केला. आपल्या शेतातल्या टोपलीसारखीच ती टोपली! टोपलीला इंग्रजीत 'बास्केट' म्हणतात, म्हणून खेळाचे नाव बास्केटबॉल. आज टोपलीच्या जागी लोखंडी कडे असते. ते जमिनीपासून दहा फुटांवर असते. मैदान २८ मीटर लांब व १५ मीटर रुंद, आणि दोन्ही बाजूंना पाच-पाच खेळाडू. भारताचा संघ ऑलिंपिकमध्ये एकदाच, १९८० साली मॉस्कोला खेळला. महाराष्ट्रात मुंबईचे नागपाडा हे या खेळाचे माहेरघर. तिथले अब्बास मुंतसिर यांना १९७० चा अर्जुन पुरस्कार मिळाला होता.

आता सतनामकडे वळू. २०१० साली एका योजनेत देशभरातून २९ मुले-मुली निवडली गेली आणि त्यांना अमेरिकेतल्या फ्लोरिडा राज्यातील क्रीडाशाळेत पाठवले गेले. त्यात चौदा वर्षांचा सतनाम होता. इंग्रजी त्याला येत नव्हते. जेवण वेगळे, भाषा वेगळी, माणसे वेगळी. पण त्याने तिथे पाच वर्षे काढली, शाळा शिकला, खेळ शिकला. २०११ मध्ये चीनमधील वुहानच्या आशियाई स्पर्धेत तो भारताच्या मोठ्यांच्या संघातून खेळला, तेव्हा त्याचे वय पंधरा होते.

अमेरिकेत एनबीए ही या खेळाची सर्वांत मोठी धंदेवाईक संघटना आहे. तिच्यात तीस संघ आहेत. दर वर्षी नव्या खेळाडूंची निवड होते. २५ जून २०१५ रोजी झालेल्या निवडीत साठ नावे पुकारली गेली. बावन्नावे नाव आले सतनामसिंग भामराचे! डॅलस मॅव्हरिक्स संघाने त्याला निवडले. भारतात जन्मलेला खेळाडू या निवडीत प्रथमच आला होता. तेव्हा त्याची उंची सात फूट दोन इंच होती. बल्लोकेच्या शेतकऱ्याचा मुलगा एका दिवसात जगभर माहीत झाला.

येथे गोष्ट संपली असती तर ती गोड झाली असती. पण वाचकांना खरे सांगितले पाहिजे. निवड झाली, तरी एनबीएचा एकही मुख्य सामना सतनाम खेळू शकला नाही. दोन हंगाम तो दुय्यम फळीच्या टेक्सास लेजंड्स संघात राहिला. पुढे कॅनडात खेळला. २०१९ मध्ये दक्षिण आशियाई स्पर्धेच्या तयारीच्या काळात झालेल्या तपासणीत त्याच्या शरीरात बंदी असलेले द्रव्य सापडले. त्याच्यावर दोन वर्षांची बंदी आली. पंचविशीच्या आसपासचा हा काळ, जो खेळाडूचा सोन्याचा काळ असतो, तोच गेला. २०२१ मध्ये तो अमेरिकेतल्या व्यावसायिक कुस्तीच्या एका कंपनीत दाखल झाला.

मग बलबीरसिंगांचा निर्णय चुकला का? आम्हांस तसे वाटत नाही. शेतात पीक चांगले उभे असते आणि ऐन वेळी गारपीट होते. म्हणून कोणी पेरणी चुकली म्हणत नाही. परंतु पेरणाऱ्याने पुढच्या सोयीचा विचार आधी करावा लागतो, हेही तितकेच खरे. आपल्याकडे बहुतेक खेळाडू रेल्वे, सैन्य, पोलीस किंवा सरकारी कंपन्यांच्या नोकरीत राहून खेळतात. केवळ खेळावर घर चालेल, असे आजही फारसे होत नाही.

तेव्हा ज्यांच्या घरी उंच, चपळ मूल आहे, मुलगा असो वा मुलगी, त्यांनी चार गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. शाळेतल्या क्रीडाशिक्षकांना दाखवा. शिक्षण सुटू देऊ नका. अकादमीत पाठवायचे तर आईबापांपैकी एकाने आधी जाऊन राहण्याची व जेवणाची सोय पाहून यावी. आणि चौथी सर्वांत महत्त्वाची : ताकदीची गोळी, पावडर किंवा साधे खोकल्याचे औषधदेखील डॉक्टरांना "मूल स्पर्धेत खेळते" असे सांगितल्याखेरीज देऊ नये. काही औषधे खेळाडूंना वर्ज्य असतात, आणि "मला ठाऊक नव्हते" हे उत्तर तिथे चालत नाही.

बलबीरसिंगांनी मुलाला "नाही" म्हटले नाही. उद्या आपल्या ओट्यावर पोऱ्या चेंडू घेऊन उभा राहिला, तर होकार किंवा नकार देण्याआधी एकदा त्याला जवळ बसवा आणि त्याचे म्हणणे पुरते ऐकून घ्या.