गेम बोलला तरच दिवे ऐकतात

मागच्या दिवाळीत माझ्या भाच्याने वर्षभर साठवलेल्या पैशांतून आरजीबी, म्हणजे रंगीत दिव्यांचा, कीबोर्ड घेतला. नागपुरातल्या मनीषनगरच्या घरी तो जोडला, खोलीतला दिवा मालवला आणि ‘जीटीए फाइव्ह’ सुरू केला. पोलिस मागे लागले की कीबोर्ड लाल-निळा लुकलुकतो, हे त्याने कुठल्याशा व्हिडिओत पाहिलं होतं. पडद्यावर पोलिसांच्या गाड्या भोंगे वाजवत आल्याही. कीबोर्डवर मात्र इंद्रधनुष्य डावीकडून उजवीकडे संथ सरकत राहिलं. त्याने मला फोन केला. “मामा, हे काहून नाही होऊन राहिलं?”

कीबोर्ड धडधाकट होता. त्याला गेम दिसत नव्हता, एवढंच. आणि तो कुठल्याच कीबोर्डला दिसत नाही. आरजीबीबद्दलचे निम्मे गैरसमज ही एक गोष्ट न कळल्यामुळे होतात, आणि त्या गैरसमजांवर घरोघरी खरे पैसे खर्च होतात. म्हणून ती आधी नीट समजून घेऊ.

गेममध्ये काय घडतंय हे फक्त गेमलाच ठाऊक असतं. तुमची शक्ती किती उरली, बंदुकीत गोळ्या किती, पोलिस मागे आहेत की नाही, हे सगळं त्याच्या हिशोबात असतं. ते बाहेर सांगायची सोय गेम बनवणाऱ्यांनी करून ठेवली असेल, तरच पुढचं सगळं घडतं. ‘काउंटर-स्ट्राइक’चं उदाहरण सगळ्यात स्वच्छ आहे. त्यात ‘गेम स्टेट इंटिग्रेशन’ नावाची सोय आहे. गेमच्या फोल्डरमध्ये एक छोटी मजकुराची फाइल ठेवायची आणि माहिती कुठे पाठवायची तो पत्ता तिच्यात लिहायचा. खेळ चालू असताना गेम त्या पत्त्यावर सतत निरोप धाडत राहतो: शक्ती 100 वरून 37 वर आली, डोळ्यांपुढे प्रकाशबॉम्ब फुटला, बॉम्ब पेरला गेला. तो पत्ता बहुधा 127.0.0.1 असा असतो, म्हणजे तोच संगणक. तिथे दिव्यांचं सॉफ्टवेअर कान देऊन बसलेलं असतं. निरोप आला की ते ठरवतं, ‘37 म्हणजे पिवळा’, आणि यूएसबीच्या तारेतून कीबोर्डला सांगतं की अमुक कळ अमुक रंगाची कर. कीबोर्ड निमूटपणे ऐकतो.

म्हणजे साखळीत तीन कड्या आहेत: गेम, सॉफ्टवेअर आणि उपकरण. यातली एक जरी नसली तरी दिवे गेमशी सिंक होत नाहीत. भाच्याच्या बाबतीत दोन नव्हत्या. पीसीवरच्या ‘जीटीए फाइव्ह’ने लॉजिटेकच्या कीबोर्डसाठी ही सोय केलेली आहे: मायकेल हे पात्र खेळत असताना निळा, फ्रँकलिन असताना हिरवा, ट्रेव्हर असताना नारिंगी आणि पोलिस आले की लाल-निळा. याचा कीबोर्ड दुसऱ्याच कंपनीचा होता. शिवाय त्याच्या रंगांचे पट्टे कारखान्यातच ठरलेले होते आणि बाहेरून ते बदलताच येत नव्हते.

ही दुसरी गोष्ट जास्त फसवणारी आहे. खोक्यावर ‘आरजीबी’ लिहिलेलं असलं की आत एकच प्रकारचा माल असतो असं वाटतं. खरं तर तीन प्रकार असतात. पहिला नुसता ‘रेनबो’: डावीकडे लाल, मधे हिरवा, उजवीकडे निळा, कायमचा. दुसऱ्यात संपूर्ण कीबोर्डचा किंवा चार-पाच भागांचा रंग एकदम बदलता येतो. तिसऱ्यात प्रत्येक कळीखाली स्वतंत्र दिवा असतो आणि प्रत्येकाला वेगळा हुकूम देता येतो. ‘ओव्हरवॉच’ या गेममध्ये वापरून झालेली शक्ती पुन्हा तयार झाली की तिचीच कळ उजळते, ती करामत या तिसऱ्याच प्रकारावर होते. नागपुरात भिवापूरकर चेंबर्समध्ये किंवा सीताबर्डीत खरेदीला जाल तेव्हा ‘आरजीबी आहे का’ असं विचारून भागत नाही. ‘याचं सॉफ्टवेअर कोणतं, आणि एकेक कळीचा रंग बदलतो का’ असं विचारा. दुकानदाराला सुरू करून दाखवायला सांगा. चांगला दुकानदार आनंदाने दाखवतो.

“पण त्या व्हिडिओत तर कुठल्याही गेमसोबत दिवे बदलत होते!” हेही ऐकायला मिळतं, आणि ते खोटं नाही. तिथे वेगळी युक्ती असते. सॉफ्टवेअर पडद्याचं चित्र टिपतं, त्याच्या कडांचे रंग काढतं आणि तेच दिव्यांवर पाठवतं. लॉजिटेकच्या जी हबमध्ये याला ‘स्क्रीन सॅम्पलर’ म्हणतात. सिग्नलआरजीबीसारखी सॉफ्टवेअरंही पडदा वाचतात. समोर जंगल असलं की खोली हिरवी, स्फोट झाला की केशरी. दिसायला सुरेख. पण नुसत्या कडांच्या रंगांना गेमचा अर्थ कळत नाही. तुमची शक्ती संपत आली की हिरव्या गवतात उभे आहात, त्यांना दोन्ही सारखंच. पडदा सतत टिपायचा तर प्रोसेसरला थोडं कामही पडतं. ‘आरजीबीने एफपीएस (सेकंदाला दिसणाऱ्या फ्रेम) पडतात’ या तक्रारीत तथ्य असलंच तर ते इथे आहे, किंवा एकाच वेळी चालणाऱ्या तीन-तीन कंपन्यांच्या सॉफ्टवेअरमध्ये. नुसत्या दिव्यांनी एकही फ्रेम कमी होत नाही आणि वाढतही नाही.

मोबाइलवर बीजीएमआय खेळणारी कित्येक पोट्टी पीसीवर इम्युलेटर टाकून दिव्यांचा तोच अनुभव मिळेल या आशेने कीबोर्ड घेतात. मोबाइलसाठी लिहिलेला गेम पीसीच्या दिव्यांना काहीच कळवत नाही. तिथे पडदा टिपण्याचा मार्गच उरतो.

विंडोज 11 मध्ये 2023 साली ‘डायनॅमिक लाइटिंग’ आलं तेव्हा ‘आता सगळंच आपोआप सिंक होणार’ अशी हवा झाली. त्यातून झालं ते वेगळं आणि चांगलंच झालं. वेगवेगळ्या कंपन्यांची उपकरणं एकाच सेटिंगमधून चालवता यावीत म्हणून एक सामाईक भाषा ठरली. जी उपकरणं ती भाषा बोलतात ती विंडोजच्या ताब्यात येतात. गेमला मात्र विंडोज बोलकं करू शकत नाही.

गेमने अशी माहिती बाहेर पाठवल्याने खेळात अन्याय्य फायदा मिळतो, खातं बंद होतं, अशीही भीती असते. काउंटर-स्ट्राइकच्या त्या सोयीत खेळणाऱ्याला स्वतःपुरतीच माहिती मिळते, जी त्याच्या पडद्यावर तशीही असते. सगळ्या खेळाडूंची माहिती फक्त प्रेक्षक म्हणून बसलेल्याला मिळते. सामन्याच्या प्रक्षेपणात ती कामी येते. त्यामुळे गेमने स्वतः दिलेला मार्ग वापरणं म्हणजे फसवणूक नव्हे.

खरी काळजी सॉफ्टवेअरच्या दुसऱ्या बाजूची करावी, आणि तिच्याबद्दल कुणी विचारत नाही. मदरबोर्ड आणि रॅमवरचे दिवे चालवायला अनेक सॉफ्टवेअर संगणकाच्या अगदी गाभ्यापर्यंत पोचणारा ड्रायव्हर बसवतात. असाच ‘विनरिंगझीरो’ नावाचा जुना ड्रायव्हर बऱ्याच सॉफ्टवेअरांनी वापरला होता. 2025 च्या मार्चमध्ये विंडोज डिफेंडर त्याला धोकादायक ठरवून अडवू लागला. 2021 च्या ऑगस्टमध्ये एका संशोधकाने दाखवलं होतं की रेझर कंपनीचा माऊस विंडोज 10 ला नुसता जोडला, तरी आपोआप सुरू होणाऱ्या इन्स्टॉलरमधून संगणकाचे सर्वोच्च अधिकार मिळवता येतात. तेव्हा ‘दिव्यांचं तर सॉफ्टवेअर आहे, कुठूनही उतरवलं तर काय बिघडतं’ हा समज सोडून द्या. कंपनीच्या स्वतःच्या साइटवरूनच घ्या, अद्ययावत ठेवा आणि वापरत नसाल ते काढून टाका.

आता रंगांकडे येतो, कारण माझं मन तिथेच जास्त रमतं. खोक्यावर ‘1.68 कोटी रंग’ छापलेलं असतं. हा आकडा येतो लाल, हिरवा आणि निळा यांच्या प्रत्येकी 256 पायऱ्यांतून. तिन्हींचा गुणाकार 1,67,77,216. लाल एलईडी 1962 पासून होता, पण भरपूर प्रकाश देणारा निळा यायला 1993 उजाडलं. तो शोध इतका अवघड होता की इसामु आकासाकी, हिरोशी अमानो आणि शुजी नाकामुरा यांना त्यासाठी 2014 चं भौतिकशास्त्राचं नोबेल मिळालं. रेझरने ‘क्रोमा’ नावाखाली रंगीत कीबोर्ड आणले तेही त्याच वर्षी.

तर या 1.68 कोटी रंगांत आपला संत्र्याचा रंग असणारच ना? नागपूरच्या माणसाने एकदा करून बघण्यासारखा प्रयोग आहे. सॉफ्टवेअरमध्ये नारिंगीचा नेहमीचा आकडा घाला: लाल 255, हिरवा 165, निळा 0. पडद्यावर छान संत्रा दिसेल आणि बऱ्याच कीबोर्डांवर पिवळं लिंबू. आपण ‘पीस खराब आहे’ म्हणून परत द्यायला निघतो. दोष पीसचा नसतो. पडदा आकड्यांना आपल्या डोळ्यांच्या सवयीप्रमाणे वाकवतो. 165 म्हणजे 255 च्या 65 टक्के असले तरी पडद्यावर त्याचा प्रत्यक्ष प्रकाश 38 टक्क्यांच्या आसपासच असतो. साधा एलईडी मात्र 65 टक्के म्हटलं की 65 टक्केच उजळतो. हिरवा जास्त पडतो आणि संत्रं कच्चं होतं. हिरवा 98 च्या आसपास आणा, गरज पडली तर आणखी खाली. रंग पिकत जाताना दिसतो. भाच्याच्या मित्राच्या कीबोर्डवर आम्ही असंच करत 70 वर थांबलो, आणि तो रंग खरोखर मृगाच्या बहरातल्या फळासारखा होता.

नागपुरात उन्हाळ्यात हमखास येणारा प्रश्न: दिव्यांनी पीसी तापतो का, बिल वाढतं का? 23 मे 2013 रोजी या शहराने 47.9 अंश तापमान सोसलं आहे, त्यामुळे प्रश्न रास्त आहे. साध्या यूएसबी 2.0 पोर्टमधून कीबोर्डला जास्तीत जास्त 500 मिलिअँपिअर मिळतात, म्हणजे अडीच वॉट. कॅबिनेटमध्ये 60 दिव्यांची पट्टी पूर्ण पांढरी पेटवली तर साधारण 18 वॉट. रोज चार तास, महिनाभर: सव्वादोन युनिटही होत नाहीत. आरटीएक्स 4060 हे मध्यम ग्राफिक्स कार्ड एकटं 115 वॉटपर्यंत ओढतं. मे महिन्यात पीसी तापत असेल तर धूळ झाडा, कॅबिनेट भिंतीपासून पुढे ओढा. दिवे विझवून फारसा फरक पडणार नाही. पीसी बंद केल्यावरही कीबोर्ड उजळलेला राहतो तो बिघाड नव्हे. एसएमपीएस 5 व्होल्टचा थोडा पुरवठा चालू ठेवतो, बायोसमध्ये तो बंद करता येतो.

पैशांचं खरं नुकसान दुसरीकडे होतं, आणि ते एका क्षणात होतं. मदरबोर्डवर दिव्यांसाठी दोन प्रकारचे हेडर असतात. चार पिनांचा 12 व्होल्टचा, ज्यावर पूर्ण पट्टीचा एकच रंग असतो. आणि तीन पिनांचा 5 व्होल्टचा, ज्याला एआरजीबी म्हणतात आणि ज्यावर प्रत्येक दिवा वेगळा चालतो. ‘दोन्ही आरजीबीच, कुठेही लावा’ हे मी नागपुरात आणि पुण्यातही ऐकलं आहे. 5 व्होल्टची पट्टी 12 व्होल्टवर लावली की ती जळते. नीट बनवलेला कनेक्टर चुकीच्या जागी बसत नाही, पण स्वस्त जोडण्या रेटून बसवता येतात. माझी स्वतःची पहिली पट्टी अशीच गेली. जळक्या प्लॅस्टिकचा तो वास अजून आठवतो. मदरबोर्डचं मॅन्युअल उघडा आणि हेडरशेजारी 5V छापलंय की 12V, ते टॉर्च मारून वाचा.

शेवटी जी गोष्ट सांगायची ती मला सगळ्यात महत्त्वाची वाटते. आईवडील विचारतात, ‘या दिव्यांनी डोळे जातील का?’ कीबोर्डचा उजेड इतका मंद असतो की त्याने डोळ्याच्या पडद्याला इजा होत नाही. डोळे चुरचुरतात ते तासन्‌तास पापणी कमी लवल्याने. पण लुकलुकण्याचा धोका खरा आहे. 16 डिसेंबर 1997 रोजी जपानमध्ये पोकेमॉनच्या एका भागात लाल-निळा प्रकाश सेकंदाला सुमारे 12 वेळा काही क्षण लुकलुकला, आणि सहाशेहून अधिक प्रेक्षकांना, बहुतेक मुलांना, इस्पितळात न्यावं लागलं. अपस्मार असलेल्या शंभरांपैकी सुमारे तिघांना अशा प्रकाशाने झटका येऊ शकतो, आणि काही मुलांच्या बाबतीत हे पहिल्या झटक्यानंतरच कळतं. वेबसाइटसाठीचे सुरक्षिततेचे नियम म्हणूनच एका सेकंदात तीनपेक्षा जास्त लुकलुक नको म्हणतात. भडक लाल रंग त्यात विशेष जपून वापरायचा असतो. एकटा कीबोर्ड लहान असतो. पण भिंतीवरची पट्टी, बल्ब आणि पडदा सगळे मिळून अंधाऱ्या खोलीत लाल-निळे लुकलुकू लागले, की नजरेसमोर दुसरं काहीच उरत नाही.

घरात कुणाला फिट येत असतील, पूर्वी आल्या असतील किंवा खेळताना मुलाला गरगरल्यासारखं झालं असेल, तर लुकलुकणारे सगळे इफेक्ट आजच बंद करा, खोलीतला दिवा लावून ठेवा आणि मेंदूविकारतज्ज्ञांना दाखवा. स्थिर रंग आणि सावकाश बदलणारे रंग तेव्हाही ठेवता येतात.